डी३डीएक्स९_२६.डीएलएल कुठून डाऊनलोड करू? (ऑफिसचा पीसी, जुना गेम)

ताळेबंद_कराड

नमस्कार. गेममधलं मला ओ की ठो कळत नाही, आधीच सांगते. मी कराडला घरूनच अकाउंट्सची कामं करते. एकच पीसी आहे: इंटेल आय५-४५७०, ८ जीबी रॅम, वेगळं ग्राफिक्स कार्ड नाही, विंडोज १० चौसष्ट बिट. याच्यावर टॅली, लोकांची जीएसटी रिटर्न्स आणि माझी डीएससी (डिजिटल सही), सगळं चालतं.

सुट्टीला भाचा आलाय, नववीतला. माझ्या भावाने २००५ च्या आसपासचा गाड्यांच्या रेसचा एक गेम ऑनलाइन विकत घेतला होता. तो त्याच्या पीसीवर छान चालतो, म्हणून त्याचं अख्खं फोल्डर भाच्याने पेनड्राइव्हवर आणलं. इथे डबल क्लिक केलं की "डी३डीएक्स९_२६.डीएलएल सापडत नाही" असं येतं.

आमच्या इथल्या दुकानातल्या मुलाला बोलावलं. त्याने कुठल्याशा साइटवरून ती फाइल उतरवली आणि सिस्टम३२ मध्ये टाकली. तरी तोच मेसेज. मग तीच फाइल गेमच्या फोल्डरात टाकली, तर मेसेज बदलला: "०एक्ससी०००००७बी". त्यावर "ताई, तुमचा पीसी जुना झालाय, नवा घ्या" असं सांगून तो गेला.

भाच्याचा दुसरा एक नवा गेम आहे, तो "वल्कन-१.डीएलएल नाही" म्हणतो. विंडोजचं माहिती दाखवणारं डीएक्सडायग उघडून बघितलं तर तिथे स्वच्छ "डायरेक्टएक्स १२" लिहिलंय. म्हणजे सगळ्यात नवं असून जुनं चालत नाही, हे कसं? या फायली विश्वासाने कुठून घ्यायच्या?

---

टर्बो_बंड्या

ताई टेन्शन नाय. "ऑल इन वन डीएलएल पॅक" सर्च करा, झिप मिळेल. सगळ्या फायली सिस्टम३२ मध्ये पेस्ट, रीप्लेस विचारलं तर येस टू ऑल, रीस्टार्ट. अँटिव्हायरस बोंबलतो, तेवढा वेळ बंद ठेवा. माझ्या पीसीवर चार वर्षं झाली, मस्त चाललंय.

---

सायबरवाले_काका

बंड्या, लोकांची रिटर्न्स भरायच्या मशीनवर अँटिव्हायरस बंद करून अनोळखी झिप ओतायला सांगतोयस. धन्य आहेस बाबा.

ताई, त्याचं काहीही करू नका. पहिलं काम, डीएससीचं टोकन (पेनड्राइव्हसारखं असतं ते) पीसीला लावलेलं असेल तर काढून ड्रॉवरमध्ये ठेवा. का ते शेवटी सांगतो.

माझं नाशिकला सायबर कॅफे होतं, २००४ ते २०११. संध्याकाळी कॉलेजची पोरं हाच गाड्यांचा प्रकार खेळायला यायची, त्यामुळे हा मेसेज मला झोपेतही वाचता येतो. तुमच्या दोन मेसेजवरूनच त्या मुलाने काय केलं ते दिसतंय. विंडोज ६४ बिट आहे म्हणून त्याने फाइलही ६४ बिटची उतरवली. पण २००५ चा गेम ३२ बिटचा आहे, आणि ३२ बिटच्या प्रोग्रॅमला ३२ बिटचीच डीएलएल (प्रोग्रॅम हाक मारून वापरतो ती मदतनीस फाइल) लागते. सिस्टम३२ मध्ये टाकली तेव्हा गेमने तिकडे पाहिलंसुद्धा नाही. कारण ६४ बिट विंडोजमध्ये सिस्टम३२ या फोल्डरात ६४ बिटच्या फायली असतात आणि ३२ बिटच्या असतात सिसवाऊ६४ मध्ये. हो, नावं उलटी वाटतात, पण आहे ते असं आहे. जुन्या प्रोग्रॅम्समध्ये "सिस्टम३२" हे नाव ठोकून बसवलेलं होतं, ते मोडू नये म्हणून मायक्रोसॉफ्टने नाव तेच ठेवलं.

मग त्याने तीच फाइल गेमच्या फोल्डरात टाकली. प्रोग्रॅम डीएलएल शोधतो तेव्हा आधी स्वतःच्या फोल्डरात बघतो, मग विंडोजच्या. म्हणून या वेळी ती सापडली, पण बिट जुळेनात, आणि तो ०एक्ससी वगैरे आकडा आला. त्याचा अर्थ एवढाच की फाइलचा साचा या प्रोग्रॅमला चालणारा नाही. तुमचा पीसी जुना असण्याशी याचा काडीचा संबंध नाही. या गेमला तुमचा आय५ पुरून उरेल.

आता मुद्द्याचं. कुठलीही डीएलएल नाही असा मेसेज आला की मी गिऱ्हाइकाला एकच विचारायचो, आणि आज स्वतःलाही तेच विचारतो: ही फाइल कोणाची? "कुठून डाऊनलोड करू" हा प्रश्न त्यानंतरचा, आणि बहुतेक वेळा तो पडतच नाही.

डी३डी९.डीएलएल, डी३डी११.डीएलएल, डीएक्सजीआय.डीएलएल, ओपनजीएल३२.डीएलएल या विंडोजच्या स्वतःच्या. त्या बाहेरून आणून बसवायच्याच नाहीत. बिघडल्या असं वाटलं तर ॲडमिनिस्ट्रेटर म्हणून कमांड प्रॉम्प्ट उघडून "एसएफसी /स्कॅननाऊ" चालवायचं, विंडोज आपली आपण दुरुस्त करतं. एनव्हीओजीएलव्ही६४ सारखी नावं दिसली तर ती ड्रायव्हरची, एनव्हिडियाची. ती पाहिजे असेल तर ड्रायव्हर टाकायचा. आणि तुमची डी३डीएक्स९_२६ यातली कोणाचीच नाही. ती गेमने आपल्याबरोबर आणायची वस्तू. तिच्याच भावकीत एक्सइनपुट१_३, एक्स३डीऑडिओ१_७, डी३डीकंपायलर_४३.

भावाच्या पीसीवर गेम इन्स्टॉल झाला तेव्हा त्याच्या सेटअपने ही फाइल तिथल्या विंडोजच्या फोल्डरात ठेवली. भाच्याने पेनड्राइव्हवर आणलं ते फक्त गेमचं फोल्डर. ती मागे राहिली. एवढंच झालंय. भावाकडे मूळ सेटअप असेल तर तो चालवा, सगळ्यात सोपं. नसेल तर पुढचं:

गेमच्या फोल्डरातली आणि सिस्टम३२ मधली, त्या मुलाने टाकलेली डी३डीएक्स९_२६.डीएलएल आधी डिलीट करा. हे विसरलात तर पुढचं सगळं पाण्यात, कारण गेम पुन्हा आपल्या फोल्डरातली चुकीचीच उचलेल. मग मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून "डायरेक्टएक्स एंड-यूजर रनटाइम्स, जून २०१०" घ्या. शंभर एमबीच्या आत आहे. ती फाइल चालवली की फोल्डर विचारते. तिथे एक नवं रिकामं फोल्डर करून द्या, डेस्कटॉप देऊ नका, नाहीतर डेस्कटॉपभर कॅब (झिपसारख्या दाबून भरलेल्या) फायलींचा सडा पडेल. एवढं झालं की लोकांना वाटतं काम झालं. नाही. ती फक्त पोतडी सोडली. त्या फोल्डरात डीएक्ससेटअप.ईएक्सई आहे, ती चालवायची, तेव्हा फायली आपापल्या जागी जातात, ३२ बिटच्या आणि ६४ बिटच्या, दोन्ही. तुमचं "डायरेक्टएक्स १२" यामुळे खाली येत नाही की बिघडत नाही. शेजारी जुनं सामान येऊन बसतं, बस्स.

टोकनचं: डीएससीची खाजगी किल्ली टोकनच्या बाहेर पडत नाही, ती चोरता येत नाही. पण टोकन लावलेलं असताना पीसीवर काही वाईट बसलं असेल आणि तुम्ही पिन टाइप केला, तर तो पिन वाचता येतो आणि तुमच्या नकळत सही घडू शकते. अनोळखी साइटवरची डीएलएल म्हणजे कोणीतरी लिहिलेला प्रोग्रॅमच. गेमने ती उचलली की गेमच्या बरोबरीने चालते. म्हणून विंडोज सिक्युरिटीत जाऊन डिफेंडरचं ऑफलाइन स्कॅन करा. पीसी रीस्टार्ट होऊन स्कॅन होतं. टॅलीचा बॅकअप आधी घ्या, ही सवय तुम्हाला असेलच.

---

शेडर_मावशी

काकांनी सगळं बरोबर सांगितलंय. "१२ असून ९ चालत नाही हे कसं" याबद्दल थोडी भर घालते. हिंजवडीत ग्राफिक्सचंच काम करते, त्यामुळे राहवत नाही.

डायरेक्टएक्स म्हणजे गेमने ग्राफिक्सशी बोलायचा विंडोजचा मार्ग. त्याचा ९ तुमच्या विंडोज १० मध्ये आहेच, डी३डी९.डीएलएल या नावाने. तो नसता तर गेमने वेगळंच रडगाणं गायलं असतं. डी३डीएक्स म्हणजे त्याच्यावरची हाताशी लागणारी हत्यारं: फाइलमधून टेक्स्चर उचलणं, मॅट्रिक्सचे गुणाकार, शेडर (ग्राफिक्सवर चालणारे छोटे प्रोग्रॅम) कंपाइल करणं, पडद्यावर अक्षरं काढणं. लग्नाच्या स्वयंपाकाला ओटा आणि गॅस घरमालकाचा, पण कढई आणि झारे आचारी स्वतःचे घेऊन येतो, तसं हे. घरमालकाने ओटा ग्रॅनाइटचा केला म्हणून कढई आपोआप येत नाही.

फेब्रुवारी २००५ पर्यंत ही हत्यारं प्रत्येक गेमच्या ईएक्सईतच शिवून दिलेली असायची, म्हणून २००३-०४ च्या गेम्सना असली फाइल मागताना तुम्ही बघणार नाही. अडचण अशी की त्यात सुरक्षेचं भगदाड सापडलं तर मायक्रोसॉफ्टला दुरुस्त करता येईना, कारण कोड हजार गेम्सच्या पोटात. मग त्यांनी ती वेगळी डीएलएल केली. पहिली डी३डीएक्स९_२४. त्यानंतर नवा एसडीके (गेम लिहिणाऱ्यांसाठीचा संच) येत गेला तसा आकडा चढत गेला. तुमची २६ म्हणजे जून २००५ ची. शेवटची ४३, जून २०१०. म्हणून ते पॅकेज अजूनही जून २०१० च्याच नावाने फिरतं, त्यानंतर नवी फाइल निघालीच नाही.

मोठ्या आकड्यात लहान सामावलेला नसतो, हे मात्र पक्कं लक्षात ठेवा. २६ मागणाऱ्याला ४३ देऊन भागत नाही. आणि ४३ ची कॉपी करून तिला २६ नाव देणं, हे मी फोरम्सवर खरंच सुचवलेलं बघितलंय, तो तर शुद्ध वेडेपणा. मात्र पॅकेजमध्ये २४ पासून ४३ पर्यंत सगळ्या आहेत. फोल्डर उघडलंत तर "जून२००५_डी३डीएक्स९_२६_एक्स८६" आणि त्याचंच "एक्स६४" अशा दोन कॅब दिसतील. एक्स८६ म्हणजे ३२ बिट. दुकानातल्या मुलाला लागत होती ती पहिली.

विंडोज ८ च्या वेळी मायक्रोसॉफ्टने डीएक्स एसडीके विंडोजच्या एसडीकेत विलीन केला आणि डी३डीएक्स बाहेर ठेवला. आमच्यासाठी सुटकाच होती ती. पण गेम तर विकले गेलेले होते, ते कुठे जाणार.

दुसऱ्या गेमबद्दल मात्र बातमी चांगली नाही. वल्कन हा डायरेक्टएक्ससारखाच, ग्राफिक्सशी बोलायचा दुसरा मार्ग. वल्कन-१.डीएलएल म्हणजे वल्कन नव्हे, तो नुसता दरवान. गेम त्याला विचारतो, तो पीसीवर वल्कन येणारा ड्रायव्हर कुठला आहे ते रजिस्ट्रीत शोधतो आणि गाठ घालून देतो. दरवान आणून बसवाल, पण आत घरात माणूसच नसेल तर? तुमच्या आय५-४५७० मध्ये इंटेलचं एचडी ४६०० आहे, चौथ्या पिढीचं. विंडोजवर इंटेलचा वल्कन सहाव्या पिढीपासून पुढे. फाइल कुठूनही आणा, गेम पुढच्या पायरीवर "योग्य ग्राफिक्स उपकरण नाही" म्हणून थांबेल. गेमच्या सेटिंग्जमध्ये डायरेक्टएक्स ११ निवडायची सोय असेल तर ती करून बघा, ४६०० ला ११ येतं.

डीएक्सडायगमधलं १२ बघून फसू नका. तो विंडोजचा आकडा. कार्डाची ऐपत "डिस्प्ले" टॅबवर "फीचर लेव्हल्स" या ओळीत असते.

---

पेंग्विन_ठाणे

मावशींना एक दुरुस्ती नाही, पुरवणी. हेच एचडी ४६०० लिनक्सवर लावलं तर मेसामध्ये (तिथले ग्राफिक्स ड्रायव्हर बनवणारा प्रकल्प) त्याला वल्कन आहे, हॅसव्हीके नावाचा ड्रायव्हर. सुरू होताना स्वतःच सांगतो की हॅसवेलवरचा (म्हणजे याच चौथ्या पिढीवरचा) वल्कन अपुरा आहे, पण काही गेम चालतात. तेव्हा लोखंडाला अजिबात येत नाही असं नाही, विंडोजवर कोणी ड्रायव्हर केला नाही. मेसा हा प्रकल्प १९९३ पासूनचा, फुकट, आणि

---

सायबरवाले_काका

पेंग्विनराव, ताईंना रिटर्न्स भरायचीत.

---

पेंग्विन_ठाणे

बरं बरं. अर्धवट राहिलेलं वाक्य गिळतो. पण पेनड्राइव्हवरून लाइव्ह चालवता येतं, हार्डडिस्कला हात न लावता. भाचा नववीत आहे, शिकेल काहीतरी.

---

जळगाव_केळी_इंजिनिअर

याच धाग्यात विचारतो. मला डीएलएलचा मेसेज येत नाही, पण माइनक्राफ्ट जावा "ड्रायव्हर ओपनजीएलला सपोर्ट करत नाही" म्हणतं, जीएलएफडब्ल्यू एरर ६५५४२. ओपनजीएल३२.डीएलएल तर सिस्टम३२ मध्ये आहे, बघितली. पीसी नुकताच फॉरमॅट केलाय. ती फाइल बदलू का?

---

शेडर_मावशी

नका बदलू. ती फाइल विंडोजची आहे आणि ती नेहमीच असते, ड्रायव्हर असो वा नसो. ओपनजीएल हाही डायरेक्टएक्ससारखाच एक मार्ग. तिच्या स्वतःच्या पोटात त्याचा फक्त १.१ आहे, तेही प्रोसेसरवर रखडत चालणारं. खरं काम ती ड्रायव्हरच्या डीएलएलकडे सोपवते. डिव्हाइस मॅनेजरमध्ये डिस्प्ले अडॅप्टर्स उघडा. मला वाटतं तिथे "मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले अडॅप्टर" दिसेल.

---

जळगाव_केळी_इंजिनिअर

तेच दिसतंय! म्हणजे ड्रायव्हरच नाही.

---

सायबरवाले_काका

फॉरमॅट करून देणारे हे एक काम हमखास टाळतात. स्क्रीन दिसतेय ना, झालं. कार्ड बनवणाऱ्याच्या साइटवरून ड्रायव्हर घ्या, लॅपटॉप असेल तर लॅपटॉप कंपनीच्या. "ड्रायव्हर अपडेटर" नावाची फुकट सॉफ्टवेअरं घेऊ नका.

---

ताळेबंद_कराड

मंडळी, गेम चालला! भावाला सेटअप सापडेना, म्हणून जून २०१० चं पॅकेज टाकलं. पहिल्यांदा सिस्टम३२ मधली डिलीट केली आणि सेटअप चालवला, तरी तोच ०एक्ससी. मग भाच्यानेच आठवण करून दिली की गेमच्या फोल्डरात अजून एक आहे. ती काढली आणि गाडी सुरू. ऑफलाइन स्कॅनमध्ये दुकानातल्या मुलाने उतरवलेल्या झिपवरच बोट ठेवलंय, जी डाऊनलोड्समध्ये पडून होती. काढून टाकली. टोकन अजून ड्रॉवरमध्येच आहे. पिन बदलला तर पुरेल का? बँकेचा पासवर्ड मी त्या दोन दिवसांत टाकला नव्हता.

दुसऱ्या गेमला डायरेक्टएक्स ११ ची सोय नाही. भाचा म्हणतो जीटी १०३० घेऊ. घ्यावं का?

---

सायबरवाले_काका

झिपवर बोट ठेवलं म्हणता, तर पिन बदला, पण दुसऱ्या स्वच्छ मशीनवर टोकन लावून बदला, या पीसीवर नको. ब्राउझरमध्ये साठवलेले पासवर्ड असतील तर तेही बदला. पुढच्या रिटर्नच्या आधी, टॅलीचा डेटा बाहेर ठेवून, विंडोज नव्याने टाकून घेतलंत तर मी शांत झोपेन. दोन तासांचं काम आहे. ड्रायव्हर टाकायला सांगा, वर जळगावकरांचं वाचलंत ना.

कार्डाचं मावशी सांगतील.

---

शेडर_मावशी

जीटी १०३० ला वल्कन आहे आणि वेगळी वीजजोडणी लागत नाही, त्यामुळे ऑफिसच्या पीसीत बसतं. पण एकाच नावाने दोन कार्डं विकली जातात. जीडीडीआर५ वालं साधारण ४८ जीबी प्रति सेकंद मेमरी वेगाचं आणि डीडीआर४ वालं साधारण १७ चं. खोक्यावर बारीक अक्षरात असतं. डीडीआर४ असेल तर घेऊ नका, दुकानदार कितीही "सेम आहे" म्हणाला तरी. कॅबिनेट अरुंद असेल तर लो प्रोफाइल पट्टी सोबत आहे का तेही बघा. आणि मुळात आधी त्या दुसऱ्या गेमची किमान गरज वाचा. वल्कन असणं वेगळं आणि गेम पळणं वेगळं.

---

टर्बो_बंड्या

काका, माझ्या पीसीवर आता एमएसव्हीसीपी१४० नाही म्हणतोय. पॅकमध्ये होती ती पण चालेना.

---

सायबरवाले_काका

ही फाइल कोणाची, सांग बघू?

---

टर्बो_बंड्या

ग्राफिक्सची?

---

सायबरवाले_काका

नाही. व्हिज्युअल सी++ ची. मायक्रोसॉफ्टच्या साइटवरून रीडिस्ट्रिब्युटेबल घे, एक्स८६ आणि एक्स६४ दोन्ही टाक. आणि त्या पॅकच्या वेळी "येस टू ऑल" दाबून विंडोजच्या काय काय फायली बदलल्यास त्याची यादी घेऊन नवीन धागा काढ. इथे नको.